स्वीडनवाले आणि खालची पट्टी

आमच्या घरात सगळ्यात जास्त वाजायची ती अण्णांची ढोलकी नव्हे, आईची कात्री. उल्हासनगरहून टेम्पो यायचा, जीन्सच्या पॅन्टींचे गठ्ठे दारात टाकून जायचा आणि आई दिवसभर त्यांचे लोंबणारे धागे कापत बसायची. अंबरनाथ पश्चिमेला आमच्या गल्लीत दर दोन दारांआड असा एक निळा ढीग असे आणि त्यामागे एक बाई. त्या कापडाचा रंग कच्चा. आईची बोटं कायम निळसर, उशीचे अभ्रे निळसर, आणि कितीही झाडलं तरी धाग्यांचा बारीक भुगा घरभर उडतच असे. भाकरीत निळा धागा सापडला की अण्णा तो बाजूला काढून म्हणायचे, “आज भाकरीचीपण जयंती.” आई हसायची नाही. ती म्हणायची, “मग या तुम्ही कापायला, मी जाते तुमच्या पार्टीत ढोलकी बडवायला.” रविवारी मटण, बाकी दिवस सुकटीची चटणी, वांगं-बटाटा, आणि आईच्या हातची तांदळाची पातळ भाकरी, जी ती इथल्या शेजारणींकडून शिकली होती. आमचं मूळ गाव घाटावरचं, तिथे ज्वारीची. पण अंबरनाथच्या पाण्यात ज्वारीची भाकरी नीट होत नाही असं तिचं ठाम मत होतं आणि ते आजही आहे.

अण्णा फॅक्टरीत लेथवर होते. कामावरून आले की आंघोळ, चहा, आणि मग विहारात गायन पार्टीची तालीम. पार्टीत पेटीवर जाधवकाका, कोरसला चार-पाच माणसं, ढोलकीवर अण्णा, आणि पुढे माइकवर शोभाताई. मी चौथी-पाचवीत असल्यापासून कोरसमध्ये उभी राहायचे. शोभाताईंनी ओळ म्हणायची आणि आम्ही ती झेलायची. शोभाताई पुढे कल्याणच्या एका ऑर्केस्ट्रात गेल्या, आणि अण्णांनी कोणाला न विचारता जाहीर करून टाकलं, “येत्या चौदा एप्रिलच्या जयंतीला आमची सुजाता पुढे उभी राहील.” मलाही विचारलं नव्हतं, पण विचारलं असतं तरी मी हो म्हटलं असतं. माझा आवाज तेव्हा चढा आणि स्वच्छ होता. पेटीवर ज्या सुरापासून गाणं धरायचं त्याला पट्टी म्हणतात. आमची पार्टी काळी चारला गायची, म्हणजे चांगलीच उंच, आणि त्या पट्टीत मला कधी त्रास पडला नाही. कोरसमध्ये असतानाही माझा आवाज मैदानाच्या टोकाच्या पानटपरीपर्यंत जातो असं लोक सांगायचे. अण्णांना ते ऐकायला आवडायचं. ते वर बघत नसत, ढोलकीचे नट उगाच आवळत बसत.

त्याच वर्षी मी उल्हासनगरच्या कॉलेजात बी.कॉम.ला होते आणि हरेश माझ्या वर्गात होता. हरेशच्या वडिलांचं दुकान म्हणजे मांडवाच्या साऊंडवाल्यांचे अॅम्प्लिफायर दुरुस्त करण्याचं. बाहेर काउंटर, आत एक खोली, खोलीत उघडी पडलेली यंत्रं, सोल्डरिंगचा वास, आणि एका कोपऱ्यात हरेशचा कॉम्प्युटर. त्याचे वडील मला “बेटी” म्हणायचे आणि गेल्यावर सगळ्यात आधी दाल पकवान, म्हणजे कुरकुरीत पुरी आणि चणाडाळ, समोर ठेवायचे. नाही म्हणायची सोय नसे. एके दिवशी मी कांदा चावत बसले असताना हरेशने माझ्या डोक्यावर हेडफोन चढवला. म्हणाला, “सुन ना, पहिली तीन-चार मिनिटं काहीच होत नाही. बोर होशील. पण बंद नको करू.”

खरंच काही होत नव्हतं. एक गिटार एकच सूर पुन्हा पुन्हा वाजवत होती, नळ नीट बंद नसला की बादलीत थेंब पडतात तसा. मग त्याखाली दुसरी गिटार आली, मग ड्रम, तेही असे की वाजवणारा दर ठोक्यानंतर विचार करतोय. मला वाटलं, हे गाणं सुरू व्हायच्या आधीचं काहीतरी आहे. आणि मग सगळं एकदम कोसळलं. इतक्या गिटारी, इतका जाड आवाज, की मी हातातलं पकवान खाली ठेवलं. त्या आवाजाच्या मागून एक माणूस ओरडत होता. गात नव्हता, ओरडत होता. पण मवाली ओरडतो तसं नाही. तो लांब उभा होता आणि त्याला काहीतरी सांगायचं होतं, इतकंच कळलं. गाणं संपलं तेव्हा डाळ थंड झाली होती.

तो बँड स्वीडनचा. नाव मी लिहीत नाही, कारण आम्ही ते कधी धड उच्चारलंच नाही. आम्ही त्यांना ‘स्वीडनवाले’ म्हणायचो. हरेशला त्यांची कुंडली पाठ होती. देशाच्या उत्तरेला एक गाव, जिथे थंडीत दिवस उजाडल्यासारखा होतो आणि मावळतो. तिथल्या शाळेतल्या पोरांनी सुरुवात केली ती नुसत्या वेगवान आरडाओरड्याने. दीड-दोन मिनिटांची गाणी, सगळा राग. पहिली रेकॉर्ड तशीच आहे. दुसऱ्या रेकॉर्डपासून ते हळू व्हायला लागले. का, ते त्यांनाही सांगता येत नव्हतं. गाणी दहा-दहा, बारा-बारा मिनिटांची झाली, माणसं वाढून सात झाली, त्यात दोन तर ड्रमवालेच. गिटारींच्या तारा इतक्या सैल उतरवल्या की वाजताना त्या हलताना दिसायच्या. त्यांच्यातला कोणी शाळेत शिकवायचा, कोणी सुतारकाम करायचा. बँड हे पोटापाण्याचं काम नव्हतंच. मला हे फार ओळखीचं वाटलं. आमच्या पार्टीतले काका असेच होते. दिवसा कोणी लेथवर, कोणी पालिकेत, संध्याकाळी पांढरा सदरा घालून स्टेजवर.

आम्ही तिघांनी बँड काढला. तिसरा दिनेश, बदलापूरच्या हेंद्रेपाड्याचा, आगरी शेतकऱ्याचा मुलगा. तो हळदीत बेंजो पार्टीत ड्रम वाजवायचा आणि त्यात त्याचं नाव होतं. त्याचा हात इतका जलद, की लोक बेंजोवाल्याला सोडून त्याच्याकडे बघत. आम्ही त्याला सांगितलं, हळू वाजव. त्याने वाजवलं. आम्ही म्हटलं, अजून हळू. तो म्हणाला, “हळदीत असं वाजवलं ना, तर नवरीचे मामा मला मांडवातच तुडवतील.” हळू वाजवणं किती अवघड असतं हे मी तिथे पाहिलं. दोन ठोक्यांमध्ये जी रिकामी जागा असते, तिथे त्याचा हात आपोआप काहीतरी भरायचा. ते न भरायला शिकण्यात त्याचा अख्खा पावसाळा गेला. तालमीसाठी जागा दिनेशच्या काकांची, बंद पडलेली भातगिरण. आजूबाजूची बरीचशी शेतं बिल्डरकडे गेली, भात यायचा थांबला, गिरण थांबली. पत्र्याची उंच शेड, भिंतींवर कोंड्याचा थर, आणि मधोमध हरेशने जोडलेले दोन अॅम्प्लिफायर. हरेश गिटार वाजवायचा आणि मी बेस गिटार, तीही हरेशचीच. काका कधीकधी दारात येऊन उभे राहायचे. एकदा त्यांनी विचारलं, “आरं दिन्या, यो काय गाना हाय? लग्नाला वाजवाचा का मयताला?” दिनेश म्हणाला, “काका, दोन्हीला नाय.” काका म्हणाले, “मंग कवा?” काका मान हलवून निघून गेले, पण गिरणीची किल्ली त्यांनी परत मागितली नाही.

ओरडायचं काम हरेशकडे होतं आणि ते त्याला जमत नव्हतं. तो ओरडला की पोटात दुखतंय असं वाटायचं. त्याच सुमारास स्वीडनवाल्यांकडे मोठी घडामोड झाली होती. त्यांचा ओरडणारा, पहिल्यापासूनचा, बँड सोडून गेला होता. भांडण नाही, तंटा नाही. त्याला घरी राहायचं होतं. मग त्यांचे काही महिने शांततेत गेले. हरेश रोज बातमी शोधायचा, काही नसायचं. आम्हाला वाटलं संपले. आणि मग एका दुपारी त्याने फोन करून नुसतं “ये” म्हटलं. नवीन रेकॉर्ड आली होती. पहिलंच गाणं, तोच थेंबाचा सूर, तीच वाट बघायला लावणं, आणि सगळं कोसळलं तेव्हा त्यातून आला तो बाईचा आवाज.

मी ते कसं सांगू? मी तोपर्यंत बायकांना चढ्या आवाजात गाताना ऐकलं होतं, रडताना ऐकलं होतं, आमच्या गल्लीत भांडताना तर रोजच. पण कुठल्याही बाईला असं, नीट उभं राहून, पूर्ण पोटातून, कोणाची माफी न मागता ओरडताना मी ऐकलं नव्हतं. हरेश माझ्याकडे बघत होता. म्हणाला, “तू कर ना.” मी म्हटलं, “वेडा आहेस का, जयंती आलीये.” पण पुढच्याच तालमीला गिरणीत मी बेस बाजूला ठेवली आणि माइकसमोर उभी राहिले. पहिल्यांदा तोंडातून आलं ते माझं मलाच अनोळखी होतं. दिनेशचा ठोका चुकला. त्याचे काका शेतावरून धावत आले, त्यांना वाटलं कोणाला शॉक लागला.

काही आठवडे फार चांगले गेले. मी विहारात अण्णांसमोर काळी चारला गायचे आणि गिरणीत स्वीडनच्या बाईसारखं ओरडायचे, आणि मला वाटायचं की हे दोन वेगळे डबे आहेत, एकाचं दुसऱ्यात सांडत नाही. कसं ओरडावं हे शिकवणारं आमच्या ओळखीत कोणी नव्हतं. ते सगळं घशातून होत होतं हे आज कळतं. आता कॉम्प्युटरवर सगळे धडे मिळतात, माझी भाची ते बघून घरात गुरगुरत असते आणि तिला काही होत नाही. मला मात्र त्यात सर्दी झाली. सर्दीतही मी गेले. गाण्याच्या मध्यावर एक लांब ओळ होती, ती घेताना घशात काहीतरी सटकलं. दुखलं नाही फारसं. नुसता आवाज गेला. तोंड उघडं, श्वास बाहेर, आणि आवाज नाही. हरेशला वाटलं माइक बंद पडला. तो वायर बघायला वाकला आणि मी त्याच्या खांद्यावर हात ठेवून मान हलवली.

अण्णा मला कल्याणला कान-नाक-घशाच्या डॉक्टरीणबाईंकडे घेऊन गेले. बाईंनी घशात नळी घालून पाहिलं आणि आम्हाला पडद्यावर दाखवलं. दोन स्वरतंतू, एक पांढरा, एक लालभडक. त्यावर रक्त साचलं होतं. “बोलायचं नाही,” त्या म्हणाल्या. “अजिबात. कुजबुजायचंसुद्धा नाही, त्याने जास्त त्रास होतो.” अण्णांनी विचारलं, “गाईल ना?” बाई म्हणाल्या, “आधी बोलू तर द्या.” कशाने झालं हे त्यांनी मला विचारलं, मग मी बोलू शकत नाही हे आठवून अण्णांकडे बघितलं. अण्णांना माहीत नव्हतं. गिरणीत काय चालतं हे घरी ठाऊक होतं, पण मी तिथे बेस वाजवते इतकंच. मी डॉक्टरीणबाईंच्या टेबलावरचा कागद ओढला आणि लिहून दाखवलं. अण्णांनी ते वाचलं, चष्मा काढला, पुसला, आणि परतीच्या सबंध रस्त्यात ते माझ्याशी बोलले नाहीत. म्हणजे आम्ही दोघेही गप्प. बघणाऱ्याला ते सारखंच दिसलं असेल.

माझ्या मौनाच्या दिवसांत आई माझ्या वतीने बोलायची आणि सगळं चुकीचं बोलायची. मी पोटाकडे हात केला की ती शेजारणीला सांगायची, “जेवायला नको म्हणते,” जेव्हा मला भूक लागलेली असायची. कोणी विचारलं काय झालं, तर “अभ्यास जास्त केला” असं ती सांगे. मी तिच्यासमोर बसून धागे कापायचे. दोन कात्र्या चालायच्या. त्या दिवसांत मी तिला पहिल्यांदा नीट पाहिलं असं वाटतं. ती काम करताना सतत स्वतःशी काहीतरी पुटपुटत असते, हे मला तोवर माहीत नव्हतं, कारण तोवर मीच बोलत असायचे. एकदा ती अचानक कात्री थांबवून म्हणाली, “त्या तुमच्या गाण्यात ओरडतात म्हणे. बायापण?” मी मान डोलावली. ती म्हणाली, “बरंय.” आणि पुन्हा कापायला लागली.

जयंती आली. गल्लीत निळे झेंडे लागले, खिरीच्या पातेल्याचा वास सकाळपासून. मी पांढरी साडी नेसून स्टेजवर कोरसच्या ओळीत उभी राहिले, हातात झांज, तोंड बंद. पुढे माइकवर अण्णा. त्यांनी ढोलकी दुसऱ्याला दिली होती. दुसरी गायिका मिळवायची असं ते म्हणालेच नाहीत, आणि पार्टीत कोणी सुचवायला धजावलं नाही. अण्णा गाणारे नव्हते. काळी चार त्यांना झेपत नव्हती, त्यांच्या मानेच्या शिरा फुगल्या होत्या, दुसऱ्या कडव्यात ते शब्द विसरले आणि जाधवकाकांनी पेटीवर ओळ वाजवून वेळ भरून काढली. लोक चांगले होते. त्यांनी टाळ्या वाजवल्या. पण मैदानाच्या मागच्या बाजूला लोक आपसांत बोलायला लागले होते, ते स्टेजवरून दिसतं. मी झांज वाजवत राहिले. त्या संध्याकाळी मला जे वाटलं त्याला लाज म्हणता येणार नाही. मला नुसतं त्यांच्या हातून माइक घ्यायचा होता आणि ते करता येत नव्हतं.

चार-आठ दिवसांनी हरेश आणि दिनेश घरी आले. हरेशच्या हातात मिठाईचा पुडा, दिनेशकडे त्याच्या शेतातली भेंडी, वर्तमानपत्रात गुंडाळलेली. दोघे दारातच उभे राहिले. अण्णा खाटेवर बसून पाना घेऊन ढोलकी दुरुस्त करत होते. त्यांनी वर पाहिलं आणि म्हणाले, “चपला बाहेर काढा आणि आत या. बसा.” दोघे बसले. आईने पाणी दिलं. मग हरेश म्हणाला, “काका, गलती आमची आहे. मीच तिला बोललो होतो, तू कर म्हणून.”

“ती काय लहान आहे?” अण्णा म्हणाले. “तू बोललास म्हणून तिने केलं?” त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी मान नाही अशी हलवली. “मग तू गप बस,” ते हरेशला म्हणाले. थोडा वेळ त्यांनी नट आवळले. मग पाना खाली ठेवून म्हणाले, “काय ऐकता तुम्ही ते, एकदा मला ऐकवा.”

हरेशने फोन काढला, अण्णांच्या कानात इअरफोन घातले. मला माहीत होतं ते कुठलं गाणं लावेल, पहिल्या दिवशी मला लावलेलंच. अण्णांनी डोळे मिटले. आम्ही सगळे त्यांच्याकडे बघत बसलो. आईने कात्री थांबवली. सुरुवातीची मिनिटं गेली, अण्णांचा चेहरा तसाच. मग त्यांचा उजवा हात मांडीवर आला आणि एक बोट ठोका धरायला लागलं. दिनेशने ते पाहिलं आणि मला कोपराने ढोसलं, कारण ते बोट मधली जागा भरत नव्हतं. जे शिकायला दिनेशला पावसाळा लागला होता ते अण्णांचं बोट सहज करत होतं, अर्थात एका बोटाने ड्रम वाजवण्यापेक्षा ते सोपंच. गाणं कोसळलं तेव्हा ते दचकले, पण डोळे उघडले नाहीत. शेवटपर्यंत ऐकलं. इअरफोन काढून त्यांनी ते नीट गुंडाळले आणि हरेशच्या हातात दिले.

“घाई नाही ह्या लोकांना,” ते म्हणाले.

“नाही काका.”

“मला वाटलं नुसता गोंधळ असेल. माणूस हाक मारतोय.” मग म्हणाले, “पण एकटाच मारतोय. मागे कोरस नाही त्याला. आपल्याकडे ओळ टाकली की झेलायला पाच माणसं असतात. हा बिचारा ओरडून ओरडून थकेल नाही तर काय होईल?”

दिनेश म्हणाला, “थकला काका. सोडून गेला.”

अण्णा खो खो हसले. जयंतीनंतर पहिल्यांदाच. आई उठून चहा टाकायला गेली आणि भेंडीचा पुडा घेऊन म्हणाली, “जेवूनच जा आता दोघे.”

मी पुन्हा बोलायला लागले तेव्हा आवाज परत आला तो दुसराच होता. डॉक्टरीणबाईंनी पाहून सांगितलं, रक्त गेलं, जखमेचा वण राहिला. हा आवाज आता असाच राहील, जपलात तर टिकेल. तो जाडसर होता, खाली होता, आणि वरच्या सुरांना गेला की नुसती हवा निघायची. आज कामाच्या ठिकाणी, मी बदलापूरला एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये असते, रिपोर्टसाठी फोन करणारी माणसं मला “सर” म्हणतात. मी दुरुस्त करत नाही. त्यावेळी मात्र मी मोरीत नळ सोडून काळी चार लावून बघायचे, आणि नाही लागली की नळ बंद करून बाहेर यायचे.

गिरणीत आम्ही परत वाजवायला लागलो. मी गाणार नाही हे कोणी बोलून दाखवलं नाही, ते ठरूनच गेलं. जिथे ओरडायचं होतं तिथे आता नुसती बेस होती. बारा मिनिटं, शब्द एकही नाही. काका दारात येऊन उभे राहिले, शेवटपर्यंत थांबले आणि म्हणाले, “आता बरा हाय. आता झोप लागंल.” ते गाणं आम्ही उल्हासनगरच्या एका हॉलमध्ये लोकांसमोर एकदाच वाजवलं. पंचवीस-तीस माणसं असतील, त्यात हरेशचे वडील, कानात कापूस घालून, पहिल्या रांगेत. पुढे हरेश नोकरीसाठी दुबईला गेला, दिनेशने स्वतःची बेंजो पार्टी काढली, आणि आमचा बँड कोणी बंद न करता बंद झाला. स्वीडनवाले अजून वाजवतात. दर काही वर्षांनी त्यांची रेकॉर्ड येते, हरेश तिकडून मेसेज करतो, “आली.” मी ती एकटी ऐकते, पूर्ण, हातात दुसरं काम न घेता. त्यांचं नाव फार मोठं कधी झालं नाही, पण ते थांबलेही नाहीत.

पण मला सांगायचं आहे ते माझा आवाज गेला त्याच्या पुढच्या वर्षीच्या तालमीचं, हरेश दुबईला जायच्या आधीचं. जयंती पुन्हा जवळ आली होती. अण्णा मला कशाला ते न सांगता विहारात घेऊन गेले. पार्टी बसलेली. जाधवकाकांनी पेटीवर काळी चार दिली. अण्णा म्हणाले, “ती नको. काळी दोन द्या.”

जाधवकाकांनी हात थांबवला. “काळी दोन? अरे बाबा, काळी दोनवर जयंतीचं गाणं उठतं का? पोरं मागे नाचतायत, त्यांना चढा सूर लागतो. आणि कोरसवाले काय, पाताळात जाणार?”

“जातील.”

“तुझी ढोलकी? ती काळी चारला मिळवलीये. ती उतरवलीस तर टणटण जाईल तिची. वीस वर्षं तू तीच टणटण सांभाळतोयस.”

अण्णांनी पिशवीतून पाना काढला आणि ढोलकी मांडीवर घेऊन एकेक नट सैल करायला लागले. थोडं सैल करायचं, बोटाने वाजवून बघायचं, अजून थोडं. चामडं उतरत गेलं तसा तिचा आवाज जड होत गेला. कोरसमधले एक काका म्हणाले, “सुजाताला वर चढायला जमलं तर बघू की, सरावाने होतं.” अण्णा मान वर न करता म्हणाले, “नाही होणार. डॉक्टर बोललेत. तिचा गळा आता इथे आहे, आपण इथे येऊ.” मला तिथून उठून जावंसं वाटलं. आपल्यापायी पाच म्हाताऱ्या माणसांना आपलं गाणं बदलावं लागतंय, हे बघत बसणं सोपं नव्हतं. पण अण्णा ढोलकी मिळवून झाल्यावर माझ्याकडे बघून इतकंच म्हणाले, “धर.” आणि मी धरलं. काळी दोनला. जाधवकाकांनी तोंड वाकडं करून साथ दिली.

जयंतीच्या संध्याकाळी मी पुढे उभी राहिले. साऊंड हरेशच्या वडिलांच्या ओळखीच्या माणसाचा होता आणि हरेश स्वतः मिक्सरवर येऊन बसला होता. पहिली ओळ मी टाकली तेव्हा मागच्या बाजूने एक बाई ओरडली, “कोण गातंय गं, दिसत नाही!” कोणीतरी तिला सांगितलं, ही ढोलकीवाल्यांचीच मुलगी. कोरसने ओळ झेलली. त्या खालच्या पट्टीत पुरुषांचे आवाज एकत्र आले की ते स्टेजच्या फळ्यांतून तळपायांना लागत होते. काळी चारला तसं कधी झालं नव्हतं. मी दुसरी ओळ टाकली. मागची बडबड एकदम थांबली असं मी म्हणणार नाही. पोरं नाचतही होती, थोडी संथपणे. पण गाणं संपेपर्यंत लोक उभे राहिले, आणि मी एकही शब्द विसरले नाही.

पुढचं गाणं माझं नव्हतं. ते कोरसमधल्या काकांचं, नेहमीचं, काळी चारचं. अण्णांनी ढोलकी पुन्हा चढवायला पाना हातात घेतला. तेवढ्यात जाधवकाकांनी पेटीवर सूर दिला तो काळी दोनचा. अण्णांनी त्यांच्याकडे पाहिलं.

“राहू दे,” जाधवकाका म्हणाले. “हात बसलाय आता.”